ईटहून कुंथलगिरीकडे

धाराशिव जिल्ह्याच्या भूम तालुक्यातील ईट हे गाव बालाघाटाच्या पठारावर वसलेले असून पश्चिमेकडे अहिल्यानगर जिल्ह्यातील खर्डा आणि उत्तरेकडे बीड जिल्ह्याचा पाटोदा तालुका ही शेजारची ठिकाणे तेथून जवळ पडतात. हलकी, मुरमाड जमीन, ज्वारी-तूर-उडदाची शेती आणि तिला जोड म्हणून घरोघरी दुभती जनावरे असा हा मुलूख आहे. तीर्थयात्रेला निघालेला प्रवासी अशा गावातून सहसा पुढे निघून जातो. परंतु धर्म आणि सार्वजनिक जीवन यांचा संबंध महाराष्ट्रात कसा घडत गेला हे समजून घ्यायचे असेल, तर ईटपासून त्याच तालुक्यातील कुंथलगिरीपर्यंतचा छोटा प्रवास पुष्कळ काही दाखवतो. त्याचे पहिले कारण भौगोलिक आहे. हा टापू दीर्घकाळ सीमेवरचा होता. ज्या खर्ड्याजवळ ११ मार्च १७९५ रोजी मराठे आणि निजाम यांची मोठी लढाई झाली, ते गाव पुढे इंग्रजी अमलातील नगर जिल्ह्यात राहिले आणि भूमचा परिसर निजामाच्या हैदराबाद राज्यात गेला. एका गावाहून दुसऱ्या गावाला जाताना माणसाची भाषा, पीक आणि देव बदलत नसत, मात्र देवाविषयीचा कायदा बदलत असे.

हैदराबाद राज्यात धार्मिक बाबींसाठी ‘उमूरे मजहबी’ नावाचे स्वतंत्र सरकारी खाते होते. मशिदी, देवळे आणि मठ यांच्या इनामांवर देखरेख ठेवणे हे त्याचे काम असे, तसेच नवे प्रार्थनास्थळ बांधायचे झाल्यास त्याची परवानगी लागत असे. हे खाते हिंदू देवस्थानांनाही अनुदाने देत असल्यामुळे त्याला निव्वळ दडपशाहीचे साधन म्हणणे एकांगी होईल. तरीही उपासनेची जागा सरकारी दप्तरातील अर्जावर अवलंबून राहिली, की श्रद्धेचा प्रश्न आपोआप नागरी हक्काचा प्रश्न होतो, आणि येथे नेमके तेच घडले. होमहवन, धर्मप्रचार आणि मंदिरबांधणी यांवरील निर्बंधांविरुद्ध आर्य समाजाने डिसेंबर १९३८ मध्ये सोलापूर येथे माधव श्रीहरी अणे यांच्या अध्यक्षतेखाली परिषद भरवली आणि त्यानंतर सुरू झालेला सत्याग्रह ऑगस्ट १९३९ पर्यंत चालला. सीमेपलीकडच्या इंग्रजी मुलखातून जथे निजामी हद्दीत शिरत आणि अटक करून घेत. पुढे १७ सप्टेंबर १९४८ रोजी हैदराबाद मुक्त झाले, तरी उस्मानाबाद जिल्हा (आजचा धाराशिव) १९५६ पर्यंत हैदराबाद राज्यातच राहिला. हा तपशील पुढच्या एका प्रकरणात उपयोगी पडणार आहे.

याच सीमेवरून, कोणाच्याही परवानगीचा फारसा विचार न करता, एक जुनी वाट जात आली आहे. पैठणहून पंढरपूरला निघणारी संत एकनाथांची पालखी आषाढी वारीत पाटोदा, दिघोळ, खर्डा, दांडेगाव, अनाळे, परांडा असा मार्ग धरते, म्हणजे ईटच्या पश्चिमेकडून सरकत ती सीना नदीच्या खोऱ्यात उतरते. भूम, परांडा भागात या दिवसांत दिंडीला भाकरी-पिठले घालणे ही गावाची जबाबदारी मानली जाते, आणि ती पार पाडताना गावातील ज्याला जे जमेल ते तो देतो. दिंडी म्हणजे टाळ, मृदंग, वीणा आणि पताका घेऊन एका शिस्तीत चालणारा वारकऱ्यांचा गट. तिच्यातून जे धर्मशिक्षण होते, त्याला वर्ग लागत नाही. हरिपाठ, काकडा आणि रात्रीचे कीर्तन कानांवर पडत पडत माणूस शिकतो. नाथांच्या परंपरेला या वाटेवर वेगळे वजन आहे, कारण श्राद्धाचे अन्न अस्पृश्य मानलेल्यांना वाढल्याची त्यांची आख्यायिका कीर्तनकार वर्षानुवर्षे सांगत आले आहेत. आख्यायिका सांगणे सोपे होते. त्या पालखीला ज्या पंढरपुरात पोहोचायचे असे, तेथील विठ्ठल मंदिराचे दार मात्र अस्पृश्यांसाठी १९४७ पर्यंत बंदच होते.

ईट आणि भूम परिसराची दुसरी ओळख खव्याची आहे. पावसाच्या भरवशावरची शेती आणि दूरची बाजारपेठ अशा स्थितीत दूध फार काळ टिकत नाही, म्हणून ते आटवून विकणे हा येथील शेतकऱ्याने काढलेला व्यवहारी मार्ग होय. खवाभट्टीवर मोठ्या लोखंडी कढईत दूध उकळत असते आणि लांब दांड्याच्या उलथण्याने ते सतत तळापासून ओढावे लागते; हात थांबला तर दूध करपते व खव्याला जळका वास येतो. दूध आटत आले की कढईच्या कडेला जमलेली साय पुन्हा पुन्हा आत लोटली जाते, फेसाचा आवाज मंदावतो, गोळा कडा सोडू लागतो आणि मग तो पसरट भांड्यात काढून गार होऊ दिला जातो. दुधाच्या प्रतीनुसार चार-पाच लिटरांमागे एक किलो खवा मिळतो. २०२४ मध्ये या मालाला भौगोलिक मानांकन मिळाले, म्हणजे विशिष्ट भूभागाशी जोडलेले उत्पादन म्हणून त्या नावाला कायद्याचे संरक्षण लाभले. ते नाव तालुक्याचे नसून एका जैन तीर्थाचे आहे: ‘कुंथलगिरी खवा’. अन्नत्यागासाठी ओळखल्या जाणाऱ्या तीर्थाचे नाव एका दुग्धपदार्थाला लागावे, हा योगायोग प्रवाशाच्या नजरेतून सुटू नये.

कुंथलगिरी ईटच्या पूर्वेस, सोलापूर–धुळे महामार्गापासून आत वळणाऱ्या रस्त्यावर आहे. टेकडी फार उंच नाही, परंतु सभोवतालच्या उघड्या माळामुळे तिच्यावरील पांढरी शिखरे दुरूनच दिसू लागतात. दिगंबर जैन परंपरेत तीर्थांचे दोन मुख्य प्रकार मानले जातात. ज्या ठिकाणी कोणी मुक्त झाले ते ‘सिद्धक्षेत्र’ आणि ज्या ठिकाणी एखाद्या मूर्तीशी वा प्रसंगाशी चमत्काराची कथा जोडलेली असते ते ‘अतिशय क्षेत्र’. कुंथलगिरी पहिल्या प्रकारात मोडते. कुलभूषण आणि देशभूषण या दोन राजपुत्र बंधूंनी मुनिदीक्षा घेऊन येथे निर्वाण मिळवले, असे परंपरा मानते, आणि मुख्य मंदिरात या दोघांच्या चरणपादुकांची पूजा होते. सातव्या शतकात रविषेणाने संस्कृतात रचलेल्या पद्मपुराणात, म्हणजे जैन परंपरेच्या रामायणात, या बंधूंवर आलेला ‘उपसर्ग’ राम आणि लक्ष्मण यांनी दूर केल्याची कथा आहे. उपसर्ग म्हणजे ध्यानस्थ मुनीला देव, मनुष्य किंवा पशू यांच्याकडून होणारा छळ. राम येथे अवतार नसून पुण्यवान महापुरुष आहे, आणि तो स्वतः मुनींना वंदन करतो. एकाच नायकाच्या दोन कथा शेजारी शेजारी नांदू शकतात आणि त्यांपैकी कोणतीही दुसरीला खोटी ठरवण्याच्या भानगडीत पडत नाही, हे मराठवाड्याच्या लोकजीवनाचे एक वैशिष्ट्य होते.

विसाव्या शतकात कुंथलगिरीचे नाव देशभर झाले ते आचार्य शांतिसागर यांच्यामुळे. त्यांचा जन्म १८७२ चा. आज कर्नाटकात असलेल्या भोज गावच्या पाटील घराण्यातील सातगौडा हे त्यांचे पूर्वाश्रमीचे नाव, आणि १९२० मध्ये त्यांनी मुनिदीक्षा घेतली. सांगली जिल्ह्यातील समडोळी येथे १९२४ मध्ये त्यांना आचार्यपद मिळाले. त्या काळी नग्न दिगंबर मुनी ही जवळजवळ ग्रंथांत उरलेली गोष्ट झाली होती; भट्टारक, म्हणजे वस्त्र धारण करून मठाचा कारभार पाहणारे धर्मगुरू, हेच समाजाचे नेतृत्व करीत. रस्त्याने विहार करणाऱ्या नग्न मुनीला ठिकठिकाणी आडकाठी होई, आणि अशा स्थितीत शांतिसागर संघ घेऊन उत्तर भारतातही पायी फिरले. वाहन न वापरणारा मुनी ज्या ज्या गावातून जातो तेथील सार्वजनिक रस्ता हेच त्याचे व्यासपीठ होते, त्यामुळे श्रद्धा घराच्या देवघरात ठेवावी की चौकात आणावी, हा प्रश्न त्याच्या बाबतीत निवडीचा उरतच नाही.

मुनीची दिनचर्या पाहिली तर जैन धर्मशिक्षणाची रीत अधिक स्पष्ट होते. त्याच्याजवळ मोरपिसांची पिच्छी, कमंडलू आणि वाचण्यापुरता ग्रंथ एवढ्याच वस्तू असतात. दिवसातून एकदाच, उभ्याने, ओंजळीत घेतलेले अन्न तो खातो. ओंजळीत केस, मुंगी किंवा दुसरे काही आढळले तर त्याला ‘अंतराय’ म्हणतात, आणि त्या क्षणी आहार संपतो. आहाराला निघण्यापूर्वी तो मनात एखादी अट धरतो, जसे की दारात अमुक वस्तू हातात घेतलेले दांपत्य दिसले तरच थांबायचे. ही अट तो कोणाला सांगत नाही, आणि ती जुळली नाही तर उपाशीच परततो. आहार देणाऱ्या घरची मुले पहाटेपासून गाळलेले पाणी, सोवळे आणि चुलीची शुद्धता यांत गुंतलेली असतात, आणि बारा पानांचे पुस्तक वाचून जे कळणार नाही ते त्यांना आहाराच्या अर्ध्या तासात कळते. राज्यघटनेच्या २८ व्या अनुच्छेदाने पूर्णपणे सरकारी निधीवर चालणाऱ्या शाळांत धार्मिक शिक्षण देण्यास मनाई केली असल्यामुळे जैन समाजात ते काम पाठशाळा, चातुर्मासातील स्वाध्याय आणि गुरुकुले यांच्याकडे राहिले. विदर्भातील कारंजा येथे १९१८ मध्ये उभे राहिलेले महावीर ब्रह्मचर्याश्रम हे अशा गुरुकुलांतील अग्रेसर होय.

शांतिसागरांचा दुसरा ध्यास ग्रंथांचा होता. षट्खंडागम हा दिगंबरांचा प्राचीन सिद्धान्तग्रंथ आणि त्यावरील धवला ही टीका यांची ताडपत्रे मूडबिद्री येथे शतकानुशतके दर्शनापुरती जपली गेली होती. ती वाचण्यासाठी उघडावीत की नाही यावरच मोठा वाद होता. डॉ. हिरालाल जैन यांनी अमरावतीहून १९३९ मध्ये त्यांचा पहिला छापील खंड हिंदी अनुवादासह प्रसिद्ध केला. कसरीने खाल्लेल्या पानांमुळे ग्रंथभाग नष्ट झाल्याचे कळताच हे ग्रंथ ताम्रपटांवर कोरून घ्यावेत असे शांतिसागरांनी ठरवले, आणि त्यांच्या प्रेरणेने स्थापन झालेल्या संस्थेमार्फत कोरलेले ताम्रपट फलटणला ठेवले आहेत. एकाने ग्रंथ छापून सर्वांच्या हाती दिला, दुसऱ्याने तो धातूत कोरून काळाच्या तावडीतून सोडवला. धर्मग्रंथ सार्वजनिक करण्याचा पहिला मार्ग अधिक दूरगामी ठरला, असे आज मागे वळून पाहता म्हणावे लागते.

आता त्या प्रकरणाकडे वळावे लागेल, ज्यामुळे या मुनींचे नाव कायद्याच्या इतिहासातही आले. १९४७ मध्ये मुंबई प्रांताने हरिजन मंदिर प्रवेश कायदा केला. त्याच वर्षी १ ते १० मे या काळात साने गुरुजींनी पंढरपुरात उपोषण केले होते आणि विठ्ठल मंदिराचे दार अस्पृश्यांसाठी उघडण्यास बडव्यांची संमती मिळाली होती. त्याआधी १९३० मध्ये डॉ. बाबासाहेब आंबेडकरांच्या नेतृत्वाखाली सुरू झालेला नाशिकच्या काळाराम मंदिराचा सत्याग्रह पाच वर्षे चालूनही दार उघडले नव्हते. १९४८ मध्ये मुंबईच्या कायद्यात दुरुस्ती होऊन ‘हिंदू’ या शब्दात जैनांचा समावेश करण्यात आला, त्यामुळे हा कायदा जैन मंदिरांनाही लागू झाला. जैन हा स्वतंत्र धर्म आहे, त्याच्या मंदिरांची व्यवस्था हिंदूंच्या कायद्याने होऊ नये, अशी भूमिका घेऊन शांतिसागरांनी धान्याचा त्याग केला आणि सुमारे तीन वर्षे तो पाळला. सोलापूर जिल्ह्यातच, पंढरपूरपासून फार दूर नसलेल्या अकलूज येथील जैन मंदिराचे कुलूप जिल्हाधिकाऱ्यांच्या आदेशाने तोडले गेले आणि प्रकरण मुंबई उच्च न्यायालयात पोहोचले.

मुख्य न्यायाधीश एम. सी. छागला आणि न्यायमूर्ती प्र. बा. गजेंद्रगडकर यांनी २४ जुलै १९५१ रोजी निकाल दिला. त्यातील तर्क समजून घेण्यासारखा आहे. हरिजनांवरील निर्बंध काढून त्यांना इतर हिंदूंच्या बरोबरीला आणणे हा कायद्याचा हेतू आहे. हिंदू आणि जैन यांतील भेद पुसणे हा त्याचा हेतू नाही. म्हणून ज्या जैन मंदिरात हिंदूंनाच रूढीने वा कायद्याने पूजेचा हक्क नव्हता, तेथे हरिजनांनाही तो या कायद्याने मिळत नाही. जैन समाजाने हा विजय मानला आणि शांतिसागरांनी पुन्हा धान्य घेतले. सुमारे दीड वर्षापूर्वी, ३१ जानेवारी १९५० रोजी, पंतप्रधान नेहरूंच्या सचिवालयाने जैन शिष्टमंडळाला पत्र पाठवून घटनेतील स्पष्टीकरणामुळे जैनांचे स्वतंत्र धर्म म्हणून अस्तित्व बाधित होत नाही, असा खुलासाही केला होता.

या निकालाने एक गोष्ट सोडवली आणि दुसरी बाजूला ठेवली. राज्याने एका समाजाला त्याच्या संमतीशिवाय दुसऱ्या धर्माच्या व्याख्येत ओढावे का, या प्रश्नाचे उत्तर न्यायालयाने दिले, आणि ते योग्य होते. परंतु अस्पृश्यतेचा प्रश्न जैन समाजाच्या आत नव्हता, असे त्यावरून ठरत नाही. कर्मवीर भाऊराव पाटील स्वतः जैन होते. कोल्हापुरात अस्पृश्य विद्यार्थ्यांसाठीच्या मिस क्लार्क वसतिगृहाच्या समारंभाला गेल्यावर शुद्धीचे स्नान करण्यास त्यांनी नकार दिला आणि त्यामुळे त्यांना ते राहत असलेले जैन बोर्डिंग सोडावे लागले. जन्माने कोणी श्रेष्ठ नाही, असे शिकवणाऱ्या परंपरेतील ही घटना आहे. त्याच भाऊरावांनी १९१९ मध्ये रयत शिक्षण संस्था स्थापून सर्व जातींची मुले एका पंक्तीला बसवली. धान्यत्यागाच्या तीन वर्षांचे वर्णन करणारे चरित्रकार ही बाजू सहसा घेत नाहीत, आणि समाजसुधारणेचा इतिहास लिहिणारे मुनींच्या आक्षेपातील घटनात्मक मुद्दा घेत नाहीत. साने गुरुजींचा आणि शांतिसागरांचा अन्नत्याग एकाच जिल्ह्यातील मंदिरांभोवती, पाच वर्षांच्या आत घडला. एकाने दार उघडावे म्हणून देह पणाला लावला, दुसऱ्याने दाराची मालकी कोणाची हे सांगण्यासाठी.

कुंथलगिरी त्या वेळी हैदराबाद राज्यात होते, त्यामुळे मुंबईचा हा कायदा येथे लागूच नव्हता. संपूर्ण देशासाठीचा अस्पृश्यता (अपराध) कायदा १ जून १९५५ पासून अमलात आला. त्याच वर्षी १४ ऑगस्ट रोजी शांतिसागरांनी कुंथलगिरीवर सल्लेखना व्रत आरंभले. सल्लेखना म्हणजे कषाय, अर्थात राग-द्वेषादी विकार, आणि देह या दोहोंना क्रमाक्रमाने क्षीण करीत सावधपणे मरणाला सामोरे जाणे. समंतभद्रांच्या रत्नकरंड श्रावकाचारात त्यासाठी उपाय न उरलेला उपसर्ग, दुष्काळ, वार्धक्य आणि असाध्य रोग ही कारणे सांगितली आहेत. शांतिसागरांची दृष्टी अधू होत गेली होती. दिगंबर मुनीच्या आचारात ‘ईर्यासमिती’ हा नियम आहे, म्हणजे चालताना पुढची चार हात जमीन पाहत, जीव पायाखाली येणार नाही याची खात्री करीत पाऊल टाकायचे; ज्याला दिसत नाही त्याला तो पाळता येत नाही. व्रताची आवश्यकता याच तर्कातून आली, निराशेतून नाही. त्यांनी आचार्यपद वीरसागर मुनींकडे सोपवले, अखेरच्या दिवसांत मराठीतून केलेला उपदेश ध्वनिमुद्रित झाला, आणि ३६ व्या दिवशी, १८ सप्टेंबर १९५५ रोजी, त्यांचे देहावसान झाले. टेकडीवरील त्यांचे समाधिस्थान आज यात्रेकरूंच्या मार्गाचा भाग आहे.

या व्रताचा कायद्याशी सामना साठ वर्षांनी झाला. राजस्थान उच्च न्यायालयाने १० ऑगस्ट २०१५ रोजी संथारा, म्हणजे श्वेतांबर परंपरेतील याच व्रताचे नाव, हा जैन धर्माचा अनिवार्य भाग असल्याचे सिद्ध झालेले नाही, असे म्हणून त्याला आत्महत्येच्या कलमांखाली आणण्याचा निर्णय दिला. देशभर जैन समाजाने मूक मोर्चे काढले, आणि ३१ ऑगस्ट २०१५ रोजी सर्वोच्च न्यायालयाने त्या निर्णयाला स्थगिती दिली. दोन निकालांतील फरक लक्षणीय आहे. १९५१ च्या न्यायालयाने पूजेचा हक्क कोणाला आहे एवढेच पाहिले होते, श्रद्धेचा गाभा कोणता हे ठरवण्याच्या फंदात ते पडले नव्हते. २०१५ च्या न्यायालयाने धर्मग्रंथांतून अनिवार्य काय हे शोधण्याची जोखीम घेतली. दरम्यान जानेवारी २०१४ मध्ये केंद्र सरकारने जैनांना राष्ट्रीय पातळीवर अल्पसंख्याक म्हणून अधिसूचित केले होते, त्यामुळे १९४८ च्या दुरुस्तीत ज्या व्याख्येवर वाद झाला ती निदान सरकारी यादीत तरी वेगळी झाली होती.

प्रवाशाला कुंथलगिरी पाहण्यासाठी सकाळ सोयीची, कारण मुनीसंघ मुक्कामी असल्यास आहारविधी त्याच वेळी होतो आणि उन्हाळ्यात माळावरचा दगड लवकर तापतो. चामड्याच्या वस्तू आणि खाद्यपदार्थ खाली ठेवून अनवाणी चढावे लागते. परतीच्या वाटेवर खव्याच्या पेढ्यांची दुकाने लागतात, आणि ईटकडे परतायचे नसेल तर महामार्गाने दक्षिणेला येरमाळा गाठून पुढे बार्शीमार्गे पंढरपूर व अकलूज या दोन्ही गावांकडे जाता येते.